उजवीकडून वाचायचा कागद

कागद नुसता हुंगून मी सांगत असे, की तो कोणत्या हॉटेलातल्या चहात बुडवलाय. हसू नका. औरंगाबादच्या कचेरीच्या आवारात कडुनिंबाखाली माझं टेबल तीस वर्षं होतं, आणि त्या तीस वर्षांत अस्सल जुन्या कागदांपेक्षा चहात भिजवून जुने केलेले कागदच माझ्या नाकाखालून जास्त गेले. स्टेशनाकडच्या चहाला आल्याचा वास, गुलमंडीवरच्या चहाला वेलदोड्याचा. शहागंजातल्या चहात साखर एवढी, की तिथं रंगवलेल्या कागदाला मुंग्या लागत. एकदा एका गिऱ्हाइकाची बादशाही सनद मुंग्यांनी माझ्या टेबलावरून उचलून नेली. मी मागं धावलो तेव्हा ती फाटकापर्यंत पोचली होती. गिऱ्हाईक म्हणालं, "मुन्शीजी, जाऊ द्या, दुसरी करतो."

धंदा असा होता. निजामी अमदानीत सरकारी दप्तर उर्दूत चालायचं आणि त्याच्याही आधीचं फारसीत. पोलीस ॲक्शन झाली, नवे अंमलदार आले. त्यांना या कागदाची कोणती बाजू वर धरायची तेही कळेना. आणि लोकांच्या जमिनी, विहिरी, इनामं, देवळांचे नि दर्ग्यांचे हक्क, सगळ्यांचा जीव त्याच कागदांत अडकलेला. मी लासूर स्टेशनच्या कुळकर्ण्यांचा मुलगा. शाळेत फारसी घेतली ती काही विद्येच्या ओढीनं नव्हे. संस्कृतचे मास्तर जास्त मारायचे म्हणून. तीच फारसी भाकरी देऊ लागली. 'तर्जुमाकार', म्हणजे भाषांतर करणारा, अशी पाटी मी स्वतःच रंगवली. लोक मुन्शीजी म्हणू लागले.

पण दिवस संशयाचे होते. आमच्या आळीत मी दिसलो की बोलणारे गप्प होत, कारण हा माणूस 'त्यांची' लिपी वाचतो. बेगमपुऱ्यात गेलो की खिडक्या लागत, कारण हा नव्या सरकारच्या कचेरीत बसतो. कोण कुणाच्या घरी गेलं, कुणी काय पुरलं, कुणी काय जाळलं, याचीच चर्चा. आणि अशा शहरात माझा रोजगारच मुळी संशय घेण्याचा! समोर आलेला माणूस खोटारडा आहे असं समजून मी सकाळी टेबल पुसायचो. संध्याकाळपर्यंत दहातले नऊ जण माझा समज खरा ठरवत.

खोटा कागद ओळखायचा कसा, ते सांगतो. आता मला कुणाची भीती नाही. कसर लागलेला कागद घ्या आणि भोकाच्या कडेला बघा. कसरीनं लिहिलेलं अक्षर खाल्लं असेल तर भोकाची कड कोरडी असते. पण आधी भोक आणि मग लिखाण असेल, तर शाई भोकाच्या कडेत उतरून पसरते. घडीचंही तसंच. कागद घडी पडून मोडल्यावर लिहिलं, तर त्या मोडीत शाई झिरपते. शाईला खोटं बोलता येत नाही. माणसाचं तसं नाही.

तिसरी खूण वाचणाऱ्याची. आवाराच्या दुसऱ्या टोकाला चिंचेखाली आणखी एक मुन्शी बसायचा. दाढी माझ्यापेक्षा मोठी, आवाज त्याहून मोठा, आणि फारसी शून्य. गिऱ्हाइकाला जे हवं ते तो कागदावर बोट फिरवत 'वाचून' दाखवी. मी सगळ्यांना सांगत सुटलो, "त्याच्या बोटाकडं बघा! फारसी उजवीकडून डावीकडं वाचतात. बोट डावीकडून निघालं की समजा, तुम्हाला बनवतोय." महिन्याभरात त्याचं टेबल उठलं. ही बढाई मी पुढं प्रत्येक गिऱ्हाइकाला ऐकवायचो. फार चुकलं ते माझं, पण त्याला वेळ आहे.

आणखी एक शत्रू होता, वाळवीपेक्षा वाईट. हळद-कुंकू. खेड्यातल्या घराघरात जुनी सनद लाल फडक्यात बांधून देवापाशी ठेवलेली असे. वाचता कुणालाच यायची नाही, पण दर दसऱ्याला तलवारीशेजारी पाटावर मांडून पूजा व्हायची. वरून हळद, कुंकू, ओल्या अक्षता. बरोबर शिक्क्यावर, कारण शिक्का गोल आणि ठसठशीत, देवासारखा दिसतो. शंभर दसऱ्यांनंतर शिक्का गेला, तारीख गेली, देणाऱ्याचं नाव गेलं. मी कागद उघडला की आधी शिंकायचो. माझ्या एका शिंकेनं एका कुटुंबाचं उरलंसुरलं कुंकू उडालं आणि खालची तारीख दिसली. दावा त्या शिंकेवर जिंकला गेला. वकिलानं फी मात्र स्वतः घेतली.

फारसी मला शिकवली ती आमच्या मौलवीसाहेबांनी. व्याकरणानं वर्ग पेंगायला लागला की ते पुस्तक मिटायचे आणि म्हणायचे, "चलो, किस्सा." मग इराणातल्या हजारो वर्षांपूर्वीच्या गोष्टी. खांद्यांवर दोन साप उगवलेला बादशहा, ज्याच्या सापांना रोज तरण्या पोरांचे मेंदू लागत. कमरेचं चामडं काठीला बांधून त्याच्यावर चालून गेलेला लोहार. ओळख न पटल्यामुळं स्वतःच्याच लेकाला लढाईत मारणारा बाप. मी तेव्हाही शंकेखोर. विचारलं, "मौलवीसाहेब, खांद्यावर साप कसे उगवतील?" ते म्हणाले, "मियाँ, काग़ज़ पे शक करना, ज़रूर करना. किस्से पे नक्को करो. किस्से में सब कुछ झूठ है, इसलिए छुपाया कुछ नहीं."

पोलीस ॲक्शननंतर मौलवीसाहेब घराबाहेर पडेनासे झाले. मी त्यांच्याकडं चार महिने गेलो नाही. गल्लीच्या तोंडापर्यंत दोनदा गेलो आणि कोण बघतंय ते बघून परतलो. माझ्या बढायांच्या मधोमध हे एक वाक्य तसंच राहू द्या.

आता पाटलांची हकिकत.

गंगापूर तालुक्यातल्या एका गावचे हे पाटील. पन्नाशीचे, उंच, पांढरा पटका, हातात काळी छत्री. उघडी असो वा मिटलेली, ती छत्री ते तलवारीसारखी धरत. एका सकाळी त्यांनी माझ्या टेबलावर लाल फडकं ठेवलं.

"मुन्शीजी, ही आमची सनद. सात पिढ्यांची. इनाम कुणाकुणाला जातं ते याच्यात बघा. अस्सल रगताच्याच पोराला, असं कुठंतरी लिव्हलेलं असंल."

"नसलं तर?"

"असंल. नीट बघा."

त्यांनी आधी माझीच परीक्षा घेतली. शाई कशी ओळखता, शिक्का कसा, वाचता कुठून. मीही खुशीत येऊन भोकांचं सांगितलं, घड्यांचं सांगितलं, चिंचेखालच्या मुन्शीच्या बोटाचं तर दोनदा सांगितलं. पाटील ऐकत होते आणि माझ्या तोंडाकडं न बघता हातांकडं बघत होते. एवढा संशयी माणूस मी आरशाबाहेर पाहिला नव्हता.

फडकं सोडणार, तेवढ्यात मागून बाईचा आवाज आला.

"दाजी! सिल्लोडहून पहिल्या गाडीनं आलो आमी. तोंड फिरवून कुठं चालला?"

आवाजाची धनीण एक ठेंगणी बाई, आणि तिच्या मागं दहा पावलांवर एक तरुण. डोक्यावर गमछा, आणि गमछ्याखाली सगळं पांढरं. केस, भुवया, पापण्यासुद्धा. नितळ, गुलाबी चेहरा. डोळे इतके बारीक केलेले, की तो आपल्याकडं बघतोय की उन्हाला टाळतोय ते कळेना.

"ही बाई माझी कुणी नाय," पाटील मला म्हणाले.

"कशी असंल? बायकोच तुमची कुणी नव्हती, म्या तर तिची बहीण!" बाई माझ्याकडं वळली. "मुन्शीजी, तुमी शिकलेले. सांगा, तांब्याभर पाण्यानं लेकरू पांढरं होतं का हो?"

पाच मिनिटांत सगळ्या कचेरीला हकिकत कळली. चोवीस वर्षांमागं छावणीतले गोरे साहेब गावच्या शिवारात काळविटाच्या शिकारीला आले होते. पाटलीणबाईंनी त्यांच्यातल्या एकाला तांब्याभर पाणी दिलं. वर्षानं लेकरू झालं ते असं, पांढरंफटक. गावात कुणीतरी हसलं. बाराव्या दिवशी पाटलांनी बाळंतिणीला गाडीत घालून सिल्लोडला तिच्या बहिणीकडं पाठवलं आणि परत आणलं नाही. ती तीन वर्षांत गेली. लेकरू मावशीनं वाढवलं, पांडुरंग नाव ठेवलं. पाटलांनी दुसरं लग्न केलं, मूल झालं नाही. आता भावाचा मुलगा दत्तक घ्यायचा होता, आणि पांढऱ्या पोरानं पुढं हक्क सांगू नये म्हणून कागदाचा आधार हवा होता.

"हक्क कोण सांगतंय?" मावशी म्हणाली. "पोराचं लगीन जमलंय. जिनिंगमधी कामाला हाय, सावलीतलं काम, चांगलं चाललंय. पोरीचा बाप एकच म्हणतो, मुलाच्या बाजूनं बाप म्हणून कोण बसणार? कुणीच नाय बसलं तर लगीन नाय. चार दिवसांत कळवायचंय त्याला."

"बसा की तुमीच," पाटील म्हणाले.

"मिशा फुटल्या की बसते!"

बघे हसले. तरुण हसला नाही. तिथूनच बोलला, हळू, पण सगळ्यांना ऐकू गेलं. "जमीन नको. लिहून देतो. मांडवात या, तेवढंच."

पाटलांनी त्याच्याकडं पाहिलं नाही. फडक्याकडं बोट केलं. "मुन्शीजी, वाचा."

मी फडकं सोडलं, शिंकलो, कागद पसरला. शिक्क्याच्या जागी कुंकवाचा डाग. लिखाण मात्र ठीक होतं. घाईचं, मोडकं, नुक्ते म्हणजे अक्षरांवरची टिंबं गाळलेलं. पण अशा लिखाणावरच माझं पोट होतं. पहिल्या ओळीतच कळलं, ही सनद नव्हे. बोट फिरवत शेवटच्या ओळीपर्यंत गेलो. कुणातरी मोठ्या अंमलदाराच्या मुदपाकखान्यातून गेलेलं पत्र होतं ते. 'तुम्ही पाठवलेली खरबुजं नासकी निघाली. वाटेत उन्हात ठेवली असावीत. दुसरी पाठवा, आणि या वेळी ओल्या गवतात घालून पाठवा.' बस. सात पिढ्या या कुटुंबानं नासक्या खरबुजांची पूजा केली होती.

खरं सांगितलं असतं तर काय झालं असतं? पाटील फडकं बांधून गेले असते, दत्तकाचं काम दुसऱ्या कागदावर केलं असतं, आणि ते पोर तसंच दहा पावलांवर उभं राहिलं असतं. मी पाटलांकडं पाहिलं, त्याच्याकडं पाहिलं. सूर्य वर आला होता आणि निंबाची सावली त्याला सोडून टेबलाकडं सरकली होती. तो हलला नव्हता. आणि मला मौलवीसाहेबांचा वर्ग आठवला.

कागदावर बोट ठेवून मी वाचू लागलो. कागदात जे नव्हतं ते.

"इराणात एक सरदार होता. मोठा पराक्रमी. मूलबाळ नव्हतं..."

"सनदीत इराण कुठून आलं?" पाटील.

"फारसी सनद आहे पाटील, सुरुवात तिकडूनच होणार. ऐका. नवसासायासानं मूल झालं. देखणं. पण केस म्हाताऱ्यासारखे पांढरे."

पाटलांच्या छत्रीचं टोक जमिनीत रुतलं. मावशी तोंड उघडून बघत राहिली. आयुष्यात पहिल्यांदाच, असं तिनं मला पुढं सांगितलं.

"लोक हसतील म्हणून सरदार घाबरला. हे आपलं नव्हे, कुण्या भुताचं आहे, म्हणाला. आणि तान्हं लेकरू डोंगराच्या माथ्यावर टाकून आला. तिथं एका प्रचंड पाखराचं घरटं होतं. पाखरानं पिलांना खाऊ घालायला म्हणून लेकरू उचललं, पण त्याला खाववेना. वाढवलं त्यानं. पिलांतलं एक म्हणून वाढवलं."

"बाई असंल ते पाखरू," मावशी पुटपुटली.

"वर्षं गेली. सरदाराला स्वप्नं पडू लागली. स्वप्नात कुणीतरी विचारी, अरे, पांढरे केस हा दोष असेल तर आता तुझ्या दाढीत काय उगवलंय?"

पाटलांचा हात हनुवटीकडं गेला आणि तिथंच थांबला.

"शेवटी तो डोंगराखाली आला. वर चढायची वाट नव्हती. खाली उभा राहून त्यानं मान वर केली. वर घरट्याच्या काठाशी उंचापुरा जवान उभा. पांढऱ्या केसांचा."

इथं मी थांबलो. पुढचं मला आठवतच होतं, पण थांबलो.

आवारात टंकलेखन यंत्रंसुद्धा थांबली होती, असं मी नेहमी सांगतो. खरं तर ती तेव्हा तिथं नव्हतीच.

"म्होरं?" पाटील.

"पुढं कुंकू सांडलंय. दिसत नाही."

"लेखी देता हे?"

"नाही. किश्शाचा लेखी तर्जुमा होत नाही. सनद नाही ही, पाटील. कुणीतरी गोष्ट उतरवून ठेवलीय."

खोटं मी आयुष्यात भरपूर बोललोय, पण माझ्या सहीखाली एक अक्षर खोटं लिहिलेलं नाही. त्या दिवशीही नाही. तेवढं माझ्या नावावर राहू द्या.

पाटलांनी कागद घडी करून फडक्यात बांधला. गाठ मारायला फार वेळ लावला. उठले, छत्री घेतली आणि चालू लागले, फाटकाकडं. मावशीनं शिव्यांसाठी श्वास भरून घेतला. पण तरुणापाशी पोचल्यावर पाटील थांबले. मला वाटलं, आता काहीतरी मोठं बोलणार. ते खेकसले, "उन्हात कामून उभा राहतोस? डोळे जातील." आणि छत्री उघडून त्याच्या डोक्यावर धरली. स्वतः बाहेर, उन्हात.

दोघं तसेच उभे होते. मावशी रडायला लागली, आणि रडता रडता मला म्हणाली, "मुन्शीजी, आमच्या घरीबी एक कागद हाय. आणू का?"

लग्न सिल्लोडला झालं. मी गेलो होतो. पाटील मांडवात बसले, तोंड एरंडेल प्याल्यासारखं, पण बसले. दत्तकाचं बारगळलं. जमीन महसुलाच्या दप्तरात त्यांच्या नावावर होतीच, सनदीवाचून काही अडलं नाही. पुढं इनामंच गेली, आणि सगळ्यांच्याच सनदा पूजेपुरत्या उरल्या.

मी त्याच आठवड्यात मौलवीसाहेबांकडं गेलो. दार त्यांनी स्वतः उघडलं. एवढे दिवस कुठं होतास, हे विचारलं नाही. विचारलं असतं तर बरं झालं असतं. मी सगळं सांगितलं. त्यांनी एवढंच विचारलं, "पूरा सुनाया?"

"नाही. बाप डोंगराखाली उभा राहिला तिथं थांबलो."

"अच्छा किया," ते म्हणाले. "आगे का बाप को बोलने दो."

दोन-तीन उन्हाळ्यांनी पाटील माझ्या टेबलाशी आले. सोबत पोतं. "गोदाकाठची खरबुजं हायेत. ओल्या गवतात घालून आणलीत. नासकी निघाली तर सांगा, दुसरी धाडतो."

मला हसू आवरेना. पाटील तोंडाकडं बघत राहिले. मग शांतपणे म्हणाले, "हसून घ्या. त्या दिवशी म्याबी घरी जाऊन हसलो."

"कशाला?"

"तुमचं बोट, मुन्शीजी. आधी मनात वाचलं तवा उजवीकडून गेलं, पार खालपर्यंत. मग मोठ्यानं वाचाया लागला, तर डावीकडून निघालं. मराठीवानी."

मी माझ्या बोटाकडं पाहिलं. तीस वर्षांच्या धंद्यात मी तेवढा एकदाच पकडला गेलो. कल्पना करा, मीच शिकवलेली खूण!

"मग... तेव्हाच का नाही बोललात?"

पाटलांनी एक खरबूज उचलून कानाशी नेलं, टिचकी मारून पाहिलं. "चोवीस वर्षं एका तांब्याभर पाण्यावर इस्वास ठेवला. त्याच्यापेक्षा पाखरू बरं वाटलं." मग खाली वाकून हळूच विचारलं, "पर कागदात खरं काय हाय?"

मी सांगितलं. पाटील खुर्चीतून पडता पडता वाचले. डोळे पुसून म्हणाले, "घरी बोलू नका. सून दसऱ्याला लई मनोभावं पूजा करती."

आता पाटील नाहीत. मौलवीसाहेब त्याहून आधी गेले. माझं टेबलही उठलं. फारसी वाचून घेणारं कुणी राहिलं नाही. दिवाळी अंकासाठी काहीतरी लिहा म्हणून निरोप आला तेव्हा मी वरांड्यात बसून असाच मुंग्यांवर संशय घेत होतो.

गेल्या महिन्यात दारात एक मुलगी आली. वकिलीच्या शेवटच्या वर्षाला आहे म्हणाली. केस काळेभोर, पण उभं राहायची ढब ओळखीची. खांद्याला काळी छत्री. पांडुरंगाची धाकटी. पर्समधून लाल फडकं काढून तिनं माझ्यापुढच्या स्टुलावर ठेवलं.

"बाबा म्हणतात, यात आमच्या घराण्याची गोष्ट आहे. आजोबा म्हणायचे, तुम्हीच वाचू शकता. आणि म्हणायचे, मुन्शी वाचत असताना त्यांच्या बोटाकडं नीट बघ."

मी फडकं सोडलं. शिंकलो. नव्या-जुन्या कुंकवाखाली खरबुजं अजून तशीच नासत होती. मुलगी पुढं झुकली. नजर माझ्या तोंडावर नव्हती, हातावर होती, अगदी आजोबांसारखी.

मी चष्मा पुसला, बोट कागदाच्या उजव्या कडेला ठेवलं, आणि सुरुवात केली.

"इराणात एक सरदार होता..."